पेन्शनीच्या फोटोत माझी जाऊ

माझ्या नवऱ्याच्या पेन्शनीच्या कागदावर पस्तीस-एक वर्षं माझी थोरली जाऊ त्यांच्या शेजारी बसून होती. तिला तिथं मीच बसवलं होतं. आता गावातल्या पोरी "आजी, तुमच्या काळी बायांना किती मर्यादा होती" असं म्हणाल्या की मला त्या मर्यादेच्या कानफटात द्यावीशी वाटते. मर्यादा कसली, गाढवपणा होता तो. वर कौतुकही करून घेत होते.

हे मिलट्रीत हवालदार होते. नोकरीतून सुटायच्या आधी शेवटच्या सुट्टीवर आले, ते पेन्शनीचा फॉर्म घेऊनच. त्यावर नवरा-बायकोचा एकत्र फोटो चिकटवायचा होता. नवरा आधी गेला तर मागं बायकोला पेन्शन चालू राहते, ती कुणाला द्यायची हे सरकारला कळावं म्हणून. इतकं सोपं काम. शेळीलासुद्धा समजलं असतं.

फोटोवाला नांदूरघाटच्या बाजारात बसायचा. आमच्या गावाहून बैलगाडीत निघालो ते पाच जण: हे, मी, मामंजी, सासूबाई म्हणजे आमच्या आत्याबाई, आणि थोरली जाऊ. फोटो दोघांचा, पण बघायला सगळं घर. फोटोवाल्याच्या पडद्यावर हा मोठा धबधबा रंगवलेला होता. आमच्याकडं तेव्हा हंडाभर पाण्यासाठी भांडणं व्हायची, आणि त्या धबधब्यापुढं दोन खुर्च्या मांडलेल्या.

"बसा बाई," फोटोवाला म्हणाला.

मी पदर नाकापर्यंत ओढला आणि मंडपाच्या खांबाला जाऊन चिकटले.

"अगं, सरकारी काम हाय. बस की," हे दात आवळून म्हणाले.

"मामंजी बघायलेत."

"मग?"

"त्यांच्या म्होरं मी खुर्चीवर बसू? तुमच्या शेजारी?"

तेव्हा मला दोन लेकरं झालेली. ती काय आभाळातून पडली असं मामंजींना वाटत होतं का? पण नाही. नवऱ्याच्या शेजारी बसले तर कुळाची अब्रू जाणार होती आणि ती सांभाळायचं काम माझ्या एकटीवर होतं. आत्याबाई फोटोवाल्याला म्हणाल्या, "लई लाजाळू हाय आमची धाकली." झालं. पदराआड मी अशी फुगले, जशी गरम तेलात पडलेली पुरी. आता तर कुणी ओढून नेलं असतं तरी मी बसले नसते.

उन्हं कलायला लागली. फोटोवाला घड्याळ बघायला लागला. तेव्हा थोरली जाऊ पुढं आली. ती माझ्याहून पाच-सहा वर्षांनी मोठी, तोंडानं आणि हातानं दोन्हीकडून जोरदार.

"सरक गं. मी बसते. दिराचं काय लाजायचं? वहिनी म्हंजे आईच की!"

आमच्यातला न्याय बघा. सासऱ्यासमोर बायकोनं नवऱ्याजवळ बसणं पाप, पण वहिनीनं दिराजवळ बसलेलं चालतं. आत्याबाईंनी निकाल देऊन टाकला, "बस तूच. दोघी घरच्याच सुना. सरकार काय तोंड बघायला आपल्या दारात यायलंय?"

आणि आमचे हवालदार? बर्फात रायफल घेऊन रात्र-रात्र उभा राहिलेला माणूस. आईनं म्हटल्यावर मुकाट वहिनीच्या शेजारी ताठ बसला. फोटो निघाला. सुट्टीचे दोनच दिवस उरले होते, दुसरा फोटो कुठून काढणार? तोच चिकटला.

गाडीत मात्र ते म्हणाले, "बघ हं. मी गेल्यावर तुझं वाटोळं होईल."

मी फणकाऱ्यानं म्हटलं, "तुमी कशापायी जाताल आधी? मी सवाष्णच जाणार."

तसं माझं ठरूनच गेलं होतं. वडाला मी इतकं सूत गुंडाळलं होतं की वडाचा सदरा शिवून झाला असता. यमराजानं माझं ऐकलं नाही, हा त्याचा दोष. फोटो काढला नाही, हा मात्र माझा.

पुढं दुरुस्ती का केली नाही? त्यांना भीती वाटायची. खोटा फोटो लावला असं सरकारला कळलं तर आहे तीही पेन्शन बंद होईल, असं. मग दर महिन्याला बँकेतून आले की मला चिडवायचे, "घे, वहिनीची पेन्शन आणली." मी हसायचे. हसायला माझं काय जात होतं?

दोन वर्षांपूर्वी ते गेले. साखरेनं गेले, घरी, बाजेवर. त्या सालच्या झेंडावंदनाला तालुक्याच्या पुढाऱ्यानं फौजींच्या विधवांना स्टेजवर बोलावलं. शाल, नारळ, भाषण. माझ्यापाशी येऊन विचारतो, "ताई, साहेब कुठल्या लढाईत शहीद झाले?"

"बाजेवर," मी म्हटलं.

शाल त्याच्या हातातच अडकली. फोटोवाल्यांना हातानं थांबवून तो पुढच्या बाईकडं गेला. मागून कुणीतरी येऊन नारळ तेवढा माझ्या मांडीवर ठेवला. पंधरा-सोळा वर्षं नोकरी करून जिवंत परत आला, हा माझ्या नवऱ्याचा गुन्हा. घरी आल्यावर नारळ फोडला तर तोही नासका.

पेन्शन बंद झाली होतीच. मी कागद घेऊन बीडला माजी सैनिकांच्या ऑफिसात गेले. टेबलामागं पांढऱ्या मिशांचे एक निवृत्त सुभेदार होते, भला माणूस. त्यांनी जुना फॉर्म बघितला, माझं आधार कार्ड बघितलं, मग माझं तोंड.

"आजी, ह्या फोटोत कोण आहे?"

"माझी जाऊ."

"आणि तुम्ही?"

"बायको."

"मग जाऊ इथं कशी?"

"मी लाजले म्हणून."

त्यांनी चष्मा काढला. "आजी, खरं सांगा. हवालदार साहेबांना दोन बायका होत्या का?"

"एकच सांभाळताना त्यांच्या नाकीनऊ आले होते, साहेब."

ते हसले, पण कागद पुढं सरकवला नाही. म्हणाले, नाव तुमचं आहे, पण फोटोवरून बायको ती दिसते, तुम्ही नाही. फोटोतल्या बाईनं स्वतः इथं येऊन लिहून दिलं पाहिजे. पन्नास वर्षं ज्या माणसाच्या भाकरी थापल्या, त्याची मी कोण, हे आता जाऊबाई सांगणार होती.

आणि जाऊबाईशी माझा सात वर्षांचा अबोला.

कारण ऐकाल तर थुंकाल. वाटणीत पाटा माझ्याकडं आला आणि वरवंटा तिच्याकडं. मी वरवंटा मागितला, तिनं पाटा मागितला. दोघींनी दिला नाही. सात वर्षं दोघीही मिक्सरमधली चटणी खातोय आणि नावं ठेवतोय. दारं समोरासमोर. हे गेले तेव्हा ती आली, दिरासाठी ऊर बडवून रडली, आणि माझ्याशी एक शब्द न बोलता गेली.

बीडहून आल्यावर तिसऱ्या संध्याकाळी मी अंगण ओलांडलं. ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, "कोण हाय?"

"तुमच्या दिराची बायको."

"कागदावर तर मी हाय म्हणत्यात. समदं गाव बोलायलंय." सुपातला खडा काढून तिनं माझ्या पायाशी टाकला. "मग पेन्शन मलाच येईल की."

"या की घ्यायला. पण आधी त्यांचे साखरेनं सुजलेले पाय दाबायचे होते, बारा वर्षं."

ती खुदकन हसली. मग लगेच तोंड आवळून म्हणाली, "पाटा देतीस?"

काय करणार? नवरा पणाला लागला होता. "दिला," मी म्हटलं.

दुसऱ्या दिवशी एसटीनं निघालो. तिला वयामुळं तिकीट नाही, मला अर्धं. "बघ, सरकार बी मला जास्त मानतंय," ती बीडपर्यंत हेच ऐकवत होती.

सुभेदारांनी तिला फोटो दाखवला. तिनं तो डोळ्यांजवळ नेला. "मीच ही. पण बायको ही. ही त्या टायमाला येडी होती."

"होती?" सुभेदार म्हणाले.

मग त्यांनी फॉर्म उलटला. मागच्या बाजूला यांच्या अक्षरात रकाने भरलेले. सुभेदार वाचत गेले आणि एका ठिकाणी थांबले. "इथं बायकोची ओळखीची खूण लिहिली आहे. डाव्या दंडावर भाजल्याचा डाग, तीन बोटं लांब. कुणाचा आहे?"

माझा हात आपसूक दंडाकडं गेला. लग्नानंतरच्या पहिल्या दिवाळीला करंज्या तळताना तेल उडलं होतं. नवी सून कामाला बावळट आहे असं यांना वाटू नये म्हणून मी कोपरापर्यंत बाह्यांची पोलकी शिवून घेतली. जन्मभर तीच घातली. मला वाटायचं, यांना काही ठाऊक नाही. सुट्टीवर आलेला माणूस, त्याचं लक्ष कुठं असतं! त्यानं तर डाग बोटांनी मोजला होता. फोटोत वहिनी बसली म्हणून मागच्या बाजूला गुपचूप मला बसवून ठेवलं होतं.

मी, जिला धबधब्याच्या पडद्यापुढं खुर्चीवर बसता आलं नाही, तिनं त्या ऑफिसात परक्या माणसांसमोर बाही वर केली.

सुभेदारांनी एकदा बघितलं आणि नजर कागदावर नेली. जाऊबाई मात्र वाकून बघत होती.

"अगं बया, एवढं भाजलं होतं? लिवा साहेब, हे तेल म्या उडवलं. झारा आपटला होता हिच्यावर रागानं."

"तुमी? तुमी तर म्हणला होता कढई हालली!"

"मग काय खरं सांगू? आत्याबाई होत्या की शेजारी!"

सुभेदार म्हणाले, "आजी, भांडण बाहेर. इथं अंगठा." तिनं अंगठा उठवला. मी सही केली, सातवी शिकलेली आहे. मग नवा फोटो लागणार होता, एकटीचा. ऑफिससमोरच्या दुकानात गेलो. पडदा पांढरा होता, धबधबा नाही. मी खुर्चीजवळ उभी राहिले आणि सवयीनं हात पदराकडं गेला.

"बस आता," फोटो काढणाऱ्या पोऱ्याच्या मागून जाऊबाई ओरडली. "मामंजी न्हाईत हितं."

बसले.

सहा-सात महिन्यांनी पेन्शन माझ्या नावावर सुरू झाली. पाटा द्यायचा होता, पण तो उचलून अंगण ओलांडायची ताकद दोघींत उरलेली नाही. म्हणून ती वरवंटा पदरात घेऊन इकडंच येते, वाटते, अर्धी चटणी नेते. नोव्हेंबरात हयातीचा दाखला द्यायला जायचं असतं, तेव्हा माझ्याआधी तीच लुगडं नेसून तयार.

"तुमचं काय काम तिथं?" मी विचारते.

"तुझा काय भरवसा?" ती म्हणते. "ऐन टायमाला लाजलीस तर मलाच बसावं लागंल."