चप्पल काढून येतो, साहेब!

तमाम पक्षकार, वकील आणि कोर्टाच्या व्हरांड्यात आयुष्य घालवलेल्या समस्त जनतेस कळविण्यात येते की, खालील मजकूर अतिशय गंभीर आहे. वाचताना हसू नये.

भूत, भानामती, अंगात येणं... मी काही मानत नाही. अमळनेरला माझं हार्डवेअरचं दुकान आहे. खिळा ठोकला तरच बसतो, एवढाच माझा धर्म. पण...

माझे मामा - आम्ही त्यांना नाना म्हणतो - शिंदखेड्याजवळ शेती करतात. शेजारच्या बापूंनी काटे टाकून त्यांचा गाडीरस्ता बंद केला. खालच्या कोर्टात नाना हरले. धुळ्याला अपील केलं, तर तारखेला कोणी गेलंच नाही म्हणून ते काढून टाकलं! वकिलाच्या विनवण्या करून परत सुनावणीच्या बोर्डावर आणलं, तेव्हा जजसाहेबांनी बजावलं - पुन्हा गैरहजर राहिलात, तर विषय संपला. म्हणजे रस्ता गेला आणि कापूस जन्मभर डोक्यावरून वाहायचा.

आणि नेमकी पुढच्याच तारखेला, नानांना घेऊन धुळ्याला निघालो तर आमची एसटी सोनगीरच्या अलीकडे पंक्चर! स्टेपनी? तीही बसलेली. वकील दुसऱ्या केसला जळगावात, फोन बंद. मी रस्त्यावर हात करकरून थकलो, एक गाडी थांबेना. नाना मात्र सीटवर खुशाल पेंगत होते.

अचानक ते ताडकन उभे राहिले आणि ओरडले, "हजर शे, साहेब! चप्पल काढीसन येस!"

अख्खी बस हसली. नानांची सवयच ती... कोर्टात शिरताना देवळासारख्या चपला बाहेर काढायच्या. मी ओरडलो, "नाना, कोर्ट अजून लांब आहे!" ते पुन्हा डोळे मिटून बसले.

शेवटी एका टेम्पोतून धुळ्याला पोहोचलो. व्हरांड्यातच बापू आडवे आले.

"चप्पल काढाले इतला टाइम लागस का रे, नाना?"

मी म्हणालो, "म्हणजे?"

शिपाई म्हणाला, "अहो, मी तिसरा पुकारा केला. बाहेरून यांचा आवाज आला - हजर शे, चप्पल काढीसन येस! साहेबसुद्धा हसले. म्हणाले, येऊ द्या म्हाताऱ्याला, नंतर घेऊ. मी बाहेर पाहिलं, तर कोणी नाही!"

बसमधली गोष्ट मी कोणालाच सांगितली नव्हती. नानांकडे मोबाइल नाही. आणि खोटी साक्ष द्यायची, तर बापू नानांच्या बाजूने कशाला देतील? मी आजही डोकं खाजवतोय.

असो. अपील बचावलं! दुपारी पुन्हा पुकारा झाला. नानांनी चपला काढल्या, हात जोडून आत गेले. साहेबांनी विचारलं, "वकील कुठे आहेत?" मग मान हलवली आणि पुढची तारीख दिली.

भरल्या कोर्टात नाना मोठ्यांदा म्हणाले,

"इतलं करीसन बी तारीखच?"