क्ष, कुसुम आणि तिची सासू

जन्मभर गणित शिकवलं की किस्से गोळा करावे लागत नाहीत, न मागता साचत जातात! त्यातले सगळ्यात झकास किस्से प्रतापनगरातल्या माझ्या घरी सत्तरच्या दशकात भरणाऱ्या दुपारच्या वर्गाचे. मॅट्रिकला गणितात गचकलेल्या बायका, बहुतेक लग्न झालेल्या. "एका अज्ञाताचं समीकरण मी दगडालाही शिकवीन," असं मी छाती ठोकून सांगायची.

*

पहिल्याच दिवशी वर्गातल्या नलूला विचारलं, "बरोबरच्या चिन्हापलीकडे नेलं की अधिकचं वजा का होतं?"

"बाई, माहेरची लाडकी सासरी गेली की तिचं काय होते?"

वर्ग लोटपोट! हसली नाही ती एकटी कुसुम. तिला नर्सिंगला जायचं होतं, गणित दोनदा राहिलं होतं आणि सासूने बजावलं होतं, "या खेपेले नापास झाली तं पुस्तकं चुलीत!"

*

खरं कारण मी पंगतीवरून सांगितलं. "समोरासमोर दोन रांगा. इकडच्या पानांतला एकेक लाडू उचलला, तर?"

"तं तिकडचाही उचला," नलू म्हणाली, "नाही तं सोयरे उठून जातीन!"

दोन्ही बाजूंना सारखंच करायचं, हे पुन्हा कधी सांगावं लागलं नाही.

*

कुसुमची अडचण वेगळी. क्षला चारने गुणून त्यात तीन मिळवलेले असले, की ती आधी भागायला धावायची.

"अगं, जे शेवटी केलं ते आधी उलटवायचं," मी म्हटलं. "थंडीत बाहेर निघताना साडी नेसलीस, वर शाल घेतलीस. घरी आल्यावर आधी काय काढशील?"

"चपला!"

मी 'शाल' ऐकायला बसले होते. पण शेवटी घातलेल्या चपलाच की! माझ्यापेक्षा तिचंच उदाहरण सरस निघालं. मग ती म्हणे घरी भांडी घासतानाही मोठ्याने घोकायची, "आधी चपला, मंग शाल."

*

पुढे परीक्षा झाली, कुसुम पास झाली, पेढे वाटले गेले. पण मला आठवते ती परीक्षेच्या आदल्या दिवशीची दुपार. मी तिच्या घरी गेले, तर समोर चार क्ष अधिक तीन बरोबर एकतीस. एकतीसला चारने पुरता भाग जाईना आणि ही ढसाढसा रडतेय.

"बाई, मले नाही जमत!"

मी तोंड उघडणार, तेवढ्यात दाराशी अंबाडीची भाजी निवडत बसलेली सासू मान वर न करता कडाडली,

"काहून रडून राहिली वं? आधी चपला काढ नं!"