काकाजी म्हणे, नदी नेते

दोष मोठ्या काकाजीचा. पहिलेच सांगून टाकतो. आमच्या भावकीत कोणी मेलं की कान्हन नदीच्या घाटावर गाळ आणि किस्से सोबतच साचतात. गाळ कोणी काढत नाही. किस्से मी सांगून राहिलो.

कॉलेज अर्ध्यात सोडून मी रामाकोन्याला घाटाखाली संत्र्याची कलमं लावली. पाणी नदीच्या डोहातून, मोटरनं. म्हणून नदीत कोण काय टाकते, हे मला पाहावं लागते. काकाजी रिटायर्ड मास्तर. शाळेत पर्यावरण शिकवायचे!

*

बोरगावची आत्या गेली. काकाजीनं राखेमागून तिचा चष्मा, कवळी, बीपीच्या गोळ्या, सगळं प्लास्टिकच्या पन्नीसकट नदीत सोडलं.

"गोळ्या कायले, काकाजी?"

"वर बीपी वाढलं तं?"

"मंग पन्नी तरी काढा!"

"गोळ्या भिजतीन ना बे!"

*

चुलत आजोबाच्या वेळी पाणी घोट्याएवढं, काळं, वर तेलाचा तवंग. मी काठावरच उभा राहिलो.

"डुबकी मार, पोट्ट्या. त्याबिगर सुतक फिटत नाही."

"खाज सुटते, काकाजी."

"श्रद्धा ठेव, काही होत नाही!" म्हणत काकाजी स्वतःच पाण्यात आडवे झाले.

आठवड्यानं त्यांना सौंसरच्या डॉक्टरकडे मीच नेलं. गाडीवर मागं बसून सारखं खाजवून राहिले होते. डॉक्टरनं विचारलं, "कशानं झालं?"

"काही नाही जी, साबण बदलला!"

*

मग भर उन्हाळ्यात आजी गेली. काकाजीनं तिची गादी उचलली. आमच्याच वावरातल्या कापसाची, फुलाफुलाच्या खोळीची.

"जाळून टाका," मी म्हटलं. "खाली माझी मोटर आहे."

"मायची गादी जाळू? शिकला नाही तं नाही, लाज तरी ठेव! नदी नेते."

नदी वाहत कुठं होती? डोह तेवढा उरला होता. गादी त्यातच बसली, फाटली, कापूस सुटला. पाइपाची जाळी चोंदली, मोटर कोरडी फिरत राहिली अन् जळाली. वाइंडिंगवाल्याकडे आधीच मोटरींची रांग. "लगेच होत नाही, भाऊ," म्हणे.

मी डोहात उतरून पाइप ओढला. जाळीले गुंडाळून फुलाफुलाची खोळ वर आली. काठावर काकाजी. त्यांनी चप्पल काढली, हात जोडले, डोळे भरून आले.

"पाहा रे! माय परत आली!"

त्या उन्हाळ्यात माझी सगळी कलमं वाळली.