मधल्या खोलीतला ब्राझील

त्या हिवाळ्यात आमच्या घरी ब्राझील मुक्कामाला होता. मधल्या खोलीत सोयाबीनची थप्पी लागली होती, जमिनीपासून पार छपराच्या टिनापर्यंत, आणि पोती व टीन यांच्यामध्ये दोन हात जागा उरली होती. कॉलेजातून आले की मी दुपारी त्या जागेत चढून झोपायचे. कूस बदलली की अंगाखाली दाणे सरकत, हलकेच, आत कोणी कुजबुजत असल्यासारखे. टीन तापलेलं असे, वाळल्या शेंगांचा वास नाकात भरे, आणि अर्ध्या झोपेत मला वाटे की थप्पी चालू लागलीय. दारातून निघाली, रिसोडच्या रस्त्याला लागली, बाजार मागे पडला, आणि पुढे नुसतं पाणीच पाणी. समुद्र मी अजूनही पाहिलेला नाही. पण त्या थप्पीवरून मी तो कितीदा ओलांडला असेल, सांगता येत नाही.

खरं तर ती थप्पी दिवाळीलाच विकली जायची. बाबा माल घेऊन रिसोडला गेले, हर्रासात, म्हणजे लिलावात, भाव ऐकला आणि भरलेला ट्रॅक्टर तसाच घरी घेऊन आले. रिकामी पोती विकणारे एक चाचा बाजाराच्या फाटकाशी बसतात. त्यांनीच बाबांच्या कानात सांगितलं होतं, "रुक जाव भाऊ. ब्राझील में बारिश नहीं है. वहाँ की फसल गयी तो यहाँ का भाव आसमान में." झालं! बाजारात तुरी म्हणतात, आमच्या घरात तर सोयाबीनच होतं. दुसऱ्या दिवसापासून बाबा सकाळी दात घासायच्याही आधी मला हाक मारू लागले, "पाह्य बरं बाई मोबाईलवर, ब्राझीलमधी आभाळ कसं हाये?"

मी पाहायचे. कडक ऊन, ढग नाहीत. बाबांचा चेहरा खुलायचा आणि माझाही. आता लिहिताना ते जरा चमत्कारिक वाटतं, पण तेव्हा मला ब्राझील फार आवडू लागला होता. तिथली लाल माती, क्षितिजापर्यंत एकच वावर, वावरात शिरलेली घराएवढी यंत्रं. आमचं वावर तर एका हाकेत संपतं. एका कडेला बाबांनी खाकरलं की दुसऱ्या कडेला आई मान वर करते.

"आपल्याइकडं हिवाळा तवा तिकडं पावसाळा असते," मी आईला सांगितलं होतं.

"मंग आपल्याइकडून गेलेला पाऊस तिकडंच जात असन," आई म्हणाली. "जाऊ दे बापा. तिकडचेही वाट पाहत असतीन."

आजोबा आयुष्यभर सालदार होते, म्हणजे वर्षाच्या बोलीवर दुसऱ्याच्या वावरात राबणारे. अडत्याच्या दुकानात गेले तर पायरीच्या खाली उभे राहायचे, आणि पाणी हवं असलं तर ओंजळीत वरून पडायचं. बाबांनी जमीन घेतली. आमच्या घराण्यात स्वतःच्या नावावर सातबारा असलेले ते पहिले. आज तोच अडत्या "या भाऊ, बसा" म्हणतो, खुर्ची देतो, चहा मागवतो. निवडणुकीत तर उमेदवार आमच्या ओट्यावर येऊन बसतात. एक जण छातीवर हात ठेवून म्हणाला होता, भाव आम्ही आणू. आईने चहाचा कप त्याच्या पुढ्यात ठेवत विचारलं, "कुठून आणता?" तो हसला आणि कप तोंडाला लावला. तो गेल्यावर बाबांनी त्याचा रिकामा कप उचलला. मग म्हणाले, "माह्या बापाले खुर्ची नव्हती. मले खुर्ची भेटली, पण भाव ठरवणारा त्या दुकानात राह्यतच नाही."

ज्याच्याकडे गोदाम आहे तो थांबू शकतो. आमच्याकडे मधली खोली होती. आणि पौष संपता संपता ती खोली लागणार होती.

माझी मोठी बहीण पहिल्या बाळंतपणासाठी माहेरी यायची होती. पहिलं बाळंतपण माहेरीच, हे काही सांगावं लागत नाही. घरात वारा न लागणारी तेवढी एकच खोली. शेक तिथेच, शेगडी तिथेच, माझ्या वेळी आई बाळंतीण होऊन निजली तीही तिथेच. बहिणीच्या सासूने फोनवर गोड आवाजात म्हटलं, "जागा नसन तर राहू द्या. आमी करतो इथंच सगळं." आईने फोन ठेवला आणि उगाचच स्वच्छ ताट पुन्हा घासायला घेतलं. त्या गोड बोलण्याचा मला इतका राग आला की दोन दिवस मी मोबाईलकडे पाहिलं नाही.

बहिणीचा फोन आला तेव्हा ती हसत होती. "मी थप्पीवरच झोपीन वं, तुह्या बाजूले." मग हसू आवरून म्हणाली, "पण मले घरीच याचं हाये."

बाबा म्हणाले, पंधरा दिवस. फक्त पंधरा दिवस थांबू.

इथे बाबांबद्दल एक सांगायला हवं. आम्ही बौद्ध. आजोबांनी धम्म घेतला तेव्हाच नवस सोडले, आणि बाबा त्या बाबतीत भलतेच कडक. पोहरादेवीच्या यात्रेला गावातल्या जीपा भरून निघाल्या की बाबा फाट्यावर उभे राहून चिडवायचे, "कायले जाता इतक्या दूर? तुमाले काय पाह्यजे थे देवाले ठाऊक नाही काय?" शेजारी जीपमधून ओरडायचे, "तुमच्यासाठीबी मांगतो ना भाऊ!" "नोका मांगू, आमचं आमी पाहून घेऊ." दोन्हीकडून हशा. संध्याकाळी आमच्या घरी मेणबत्ती लागते, बुद्धवंदना होते, 'भवतु सब्ब मंगलं', सगळ्यांचं भलं होवो, म्हटलं की जोडलेले हात खाली येतात. त्यापुढे मागणंबिगणं काही नसतं.

त्या संध्याकाळी आईचे हात खाली आले, माझे आले, बाबांचे आले नाहीत. डोळे मिटलेले, ओठ हलत होते.

"काय मांगितलं?" आईने विचारलं.

"कुठं काय?"

"ओठ हालून राह्यले होते तुमचे."

बाबांना खोटं बोलता येत नाही. ते मेणबत्तीकडे पाहत म्हणाले, "ब्राझीलमधी अजून पंधरा रोज पाऊस नोको, इतकंच."

मी फस्सकन हसले. जन्मभर गावाला मागू नका म्हणून सांगणारा माणूस पकडला गेला होता, तोही घरातच! पण आई हसली नाही. ती खाली बसली.

"मांगाचंच होतं तर पोरीसाठी मांगाचं," ती म्हणाली. "तुमी जन्मात पह्यल्यांदा मांगितलं, अन् काय, तर दुसऱ्याचं वावर वाळो? आत्ताच सब्ब म्हटलं ना? त्या सब्बमधी थे लोक नाहीत काय?"

बाबांनी जोडलेले हात खाली घेतले.

"तुमच्या बापाची जिंदगी दुसऱ्याच्या वावरात गेली. पण त्यानं कधी म्हटलं नाही का याचं वावर वाळू दे."

मेणबत्ती पूर्ण जळेपर्यंत बाबा तिथेच बसले होते. मला त्यांची कीव आली, आणि आईची जरा भीती वाटली.

सकाळी त्यांनी मला हाक मारली नाही. मी उठले तेव्हा दारात ट्रॅक्टर होता आणि थप्पी उतरत होती. वरचं पोतं निघालं, माझी दुपारची जागा गेली, आणि टिनाच्या फटीतून उन्हाची एक तिरीप थेट जमिनीवर उतरली. कितीतरी दिवसांनी त्या खोलीला जमीन असल्याचं दिसलं. बाबा माल घेऊन गेले आणि त्या दिवशी जो भाव होता त्या भावाने देऊन आले. चाचा फाटकातून ओरडले म्हणे, "अरे भाऊ, थोडा तो रुकते!" बाबांनी नुसता हात वर केला.

आईने आणि मी खोली शेणाने सारवली. कोपऱ्यात, उंबऱ्याच्या फटीत दाणे निघतच राहिले. बहीण जीपमधून उतरली, पोटावर हात ठेवून मधल्या खोलीत उभी राहिली आणि म्हणाली, "आई, सोयाबीनचा वास येऊन राह्यला." मग तिला जे रडू कोसळलं ते आवरेना, आणि आम्हा दोघींनाही आवरलं नाही.

भाची झाली. तिला घरी आणलं त्याच आठवड्यात भाव चढला. ब्राझीलमध्ये खरंच पीक करपलं होतं. गोदामवाल्यांच्या दारात ट्रक लागले, फाट्यावर लोक आमच्या बाबांचं नाव काढून हळहळले, आणि काही जण हसलेही. मला वाटलं, आता हे घरात धुमसत राहणार. बाबांच्या समोर मोबाईल काढायचीही मला चोरी झाली.

एक दुपार आठवते. बहीण झोपली होती, बाळ झोपलं होतं, थप्पी होती तिथे आता झोळी टांगली होती. बाबा झोळीची दोरी हातात धरून बसले होते. डोळे अर्धे मिटलेले, मला वाटलं त्यांनाही डुलकी लागली असावी.

"पाह्य बरं बाई," ते हळूच म्हणाले, "ब्राझीलमधी कसं हाये?"

मी चाचरत म्हटलं, "भाव अजून चढला, बाबा."

"भाव कोण इचारून राह्यलं तुले? पाऊस आला काय त्याईले?"

मी पाहिलं. कडक ऊन, ढग नाहीत.

"नाही, बाबा."

त्यांनी झोळीला एक झोका दिला. "पडाले पाह्यजे आता," म्हणाले.