सोहनगढ रोडच्या मुली

हेमलता खांबेटे यांनी रेल्वेच्या कचेरीत चौतीस वर्षं वेळापत्रकांची मुद्रितं तपासली. गाडी कुठे किती वाजता येते, हे त्यांना तोंडपाठ असे. मात्र त्यातली बहुतेक स्टेशनं त्यांनी कधी पाहिलीच नव्हती. निवृत्तीनंतर फरीदाबादच्या घरी जुनी वेळापत्रकं चाळताना एका पानावर त्या थबकल्या. १९९४ सालचं पान. ‘सोहनगढ रोड’ या नावावर लाल शाईची काट होती आणि शेजारी सही होती, त्यांचीच.

“सोहनगढ तर या स्टेशनपासून सात किलोमीटर लांब आहे,” नकाशा बघत त्या लेकीला, क्षिप्राला म्हणाल्या. “स्टेशनच्या अंगणात दोन गावं असताना तिसऱ्याच गावाचं नाव कशाला?”

“आई, आता काय करायचंय ते कळून?”

“झोप येत नाही ना मला!”

पुढच्याच रविवारी क्षिप्राने गाडी काढली. दिल्ली-हरियाणाच्या सीमेवर, कोबीच्या शेतांपलीकडे स्टेशन सापडलं. छपराचे पत्रे गेले होते, फलाटावर गवऱ्या वाळत होत्या. त्यांच्यासमोरूनच एक गाडी धडधडत, न थांबता निघून गेली. रुळांपलीकडे बाजेवर हुक्का ओढत बसलेले रामेहर कधीकाळी इथेच रुळांचे सांधे बदलायचं काम करत. कुणीतरी स्टेशनाबद्दल विचारतंय म्हटल्यावर म्हातारबुवा खुलले.

नावाची गंमत त्यांनीच सांगितली. फलाट दिल्लीतल्या पीरखेडीच्या हद्दीत, तर रुळांपलीकडे हरियाणातलं नंगला गाव. रामेहरांच्या आजोबांच्या काळात दोन्ही गावांनी नावावरून असा तंटा मांडला की रात्रीतून पाटी उपटली जाई. शेवटी कंटाळून रेल्वेच्या साहेबाने तिसऱ्याच गावाचं नाव लावून टाकलं.

हेमलताबाई खळखळून हसल्या. भराभर वहीत लिहून घेऊ लागल्या. तेवढ्यात चहा घेऊन रामेहरांची सून आली. संतरा, पंचेचाळिशीची, पीरखेडीचीच माहेरवाशीण.

“और बंद किसने किया, ये नहीं पूछोगी?” तिने विचारलं.

हेमलताबाईंचं पेन थांबलं. गप्प राहणं सोपं होतं. पण त्या म्हणाल्या, “हुक्म ऊपर से आया था. नाम मैंने काटा था.”

संतराने चहा बाजेवर ठेवला. मग तिथेच खाली बसली आणि सांगू लागली. सकाळी सहा पन्नासच्या गाडीने पीरखेडीतल्या मुली दिल्लीच्या शाळेत जात. ती तेव्हा नववीत होती. गाडी थांबेनाशी झाली, बस पक्क्या सडकेवर, चार किलोमीटरवर. घरच्यांनी म्हटलं, पुरे झालं शिक्षण. वर्षभरात तिचं लग्न झालं, रूळ ओलांडून, इथे नंगल्यात.

“पण हुकमाच्या कागदावर तर रोजचे नऊच प्रवासी होते,” हेमलताबाई पुटपुटल्या. तो आकडा त्यांना आजही आठवत होता.

“नौ?” रामेहरांनी कपाळावर हात मारला. मुलींचे महिन्याचे पास दिल्लीच्या मोठ्या स्टेशनवर निघत, म्हणून ते तिथल्या हिशेबात जात. इथे नोंद व्हायची ती फक्त खिडकीवरच्या तिकिटांची.

परतीच्या वाटेवर हेमलताबाई वहीतलं पान पुन्हापुन्हा वाचत होत्या. घर आलं तेव्हा एवढंच म्हणाल्या, “त्या नऊवर माझा लगेच विश्वास बसला गं.”

त्यानंतर त्या चार वेळा तिकडे गेल्या. जुन्या सहकाऱ्यांना फोन केले, रामेहरांना पुन्हापुन्हा तेच विचारून भंडावून सोडलं आणि स्टेशनाचा अकरा पानी इतिहास हिंदीत लिहून काढला. काट कुणी मारली, तेही त्यात स्वतःच्या नावानिशी लिहिलं. पहिली प्रत संतराला दिली.

संतराने उंबऱ्यात बसून, ओळींवरून बोट फिरवत सगळं वाचलं. तासभर लागला. हेमलताबाई परीक्षेला बसल्यासारख्या समोर बसून होत्या.

“साहेबाचं नाव आहे, सासऱ्यांचं आहे, तुमचं आहे,” संतरा तिच्या हिंदीत म्हणाली. “लड़कियों के नाम कहाँ हैं?”

मग दोघी नावं आठवायला बसल्या. म्हणजे संतरा आठवायची, हेमलताबाई लिहायच्या. मुली सतरा होत्या, असं संतराचं म्हणणं. पण पंधरावर गाडी अडली. संतराने शाळेला तिच्याबरोबर जाणाऱ्या आणि पुढे पानिपतला दिलेल्या चुलतबहिणीला फोन लावला आणि आवाज मोठा केला. बहिणीने राहिलेली दोन नावं पटकन सांगितली. मग म्हणाली, सतरा कुठल्या, अठरा! नंगल्याची एक मुलगी होती की. आपण शाळेत जातो हे गावात कुणाला कळू नये म्हणून फलाटावर न येता पलीकडच्या बाजूने, रुळांवरून डब्यात चढायची.

“नंगल्याची? आमच्या गावची?” संतरा ताडकन उठली. “किसकी लड़की थी?”

हेमलताबाईंनी वहीत अठरा आकडा घातला आणि फोनकडे कान लावला.