सायकल येणारा उमेदवार

वकिलाच्या घरात किस्से शोधायला जावं लागत नाही. पक्षकार येतो, दाराशी चपला काढतो आणि जाताना एखादा किस्सा मागे ठेवून जातो. कोर्टातून आल्यावर यांना कोट काढायचीही सवड नसायची. आधी किस्सा, मग चहा. हे गेल्यावर काळा कोट मी यांच्या एका ज्युनिअरला दिला. किस्से कुणाला द्यावेत, कळेना. त्यातले हे काही, सगळे एकाच माणसाचे.

*

वामन पारशिवनीचा. लहानपणी पोलिओ झालेला, उजवा पाय वाळलेला, काखेत कुबडी. शहरात, नंदनवन वस्तीत मावशीकडे राहून शिकला. एका सरकारी खात्यात अपंगांसाठी राखीव अशी कारकुनाची जागा निघाली आणि परीक्षेत हा पहिला आला.

नेमणुकीआधी डॉक्टरांचे दोन दाखले हवे होते. एक अपंग असल्याचा, दुसरा नोकरीसाठी शरीर धडधाकट असल्याचा.

डॉक्टरांनी पेन खाली ठेवलं. म्हणाले, "तू कोण आहेस ते आधी ठरव बाबा. मग ये."

पुढे दोन्ही दाखले मिळाले. कसे मिळाले, ते यांनी त्याला कधी विचारलं नाही. वकिलानं सगळंच विचारू नये, म्हणायचे.

*

त्या खात्यात आणखी एक जुना नियम होता: कारकुनाला सायकल आली पाहिजे. कधीकाळी कारकुनांना कागद घेऊन गावोगाव हिंडावं लागत असे, तेव्हाचा. राखीव जागेसाठी तो गाळावा, हे कुणाला सुचलं नाही.

मैदानात वामननं कुबडी सायकलच्या दांड्याला बांधली, डाव्या पायानं पायडल मारलं आणि अख्खी फेरी मारून साहेबांसमोर उतरला. लोकांनी टाळ्या वाजवल्या.

थोड्याच दिवसांत पत्र आलं. उमेदवार सायकल चालवतो, सबब त्यास अपंग म्हणता येत नाही. निवड रद्द.

यांनी पत्र दोनदा वाचलं. "आणि चालवली नसती तर?"

"तर नापास केलं असतं, साहेब."

वकीलपत्रावर तिथंच सही झाली.

*

एका पायानं सायकल खरंच चालते का, याचं यांना भारी कुतूहल. संध्याकाळी वामनचीच सायकल घेऊन अंगणात उतरले. एक पाय मुद्दाम लोंबता सोडला आणि दुसऱ्या पायाच्या जोरावर थेट मेंदीच्या कुंपणात गेले! मी धावले. वामन कुबडी टेकत माझ्यामागे.

कोपर झाडत हे म्हणाले, "सरकारच्या हिशेबानं आता मी पात्र आहे."

*

सुनावणीच्या आधी सरकारी वकील न्हाणीघरात घसरून पडले. पाय प्लास्टरमध्ये, आणि कोर्ट वरच्या मजल्यावर. जिन्याखाली उभे राहून तारीख मागून घ्यायच्या विचारात होते. वामनला आणखी एक तारीख नको होती. त्याच्या नोकरीची वयोमर्यादा संपत आली होती, दुसरी जागा मिळण्याची आशा नव्हती. त्यानं आपली कुबडी पुढे केली.

"घ्या साहेब. मले तिची गरज नाही, असं तुमीच म्हणून राहिले न."

ते कुबडीच्या आधारानं जिना चढले. हा कठड्याला धरून मागून चढला.

*

न्यायमूर्तींनी वामनलाच विचारलं, सायकल येते, तर अडचण काय?

"सायकलवर बसलो का मी लंगडत नाही, साहेब. उतरलो का लंगडतो. अन् हापिसात सायकलवर बसू देत नाहीत."

निकाल वामनच्या बाजूनं लागला. सायकलवरून अपंगत्व ठरवू नये, असं कोर्टानं खात्याला बजावलं. त्या दिवशी यांनी हा किस्सा इतका रंगवून सांगितला की चहा गार झाला.

*

हे गेले, त्याला वर्ष होत आलं असेल. वामन आला. सायकल फाटकाला टेकवली, यांच्या फोटोसमोर बसला. मग आपणहून सांगू लागला.

खात्यात पुन्हा भरती निघाली होती. नियमांचं पुस्तक कुणी बदललं नव्हतं, म्हणून सायकलची चाचणीही होतीच. घ्यायची, पण मोजायची नाही, असा साहेबांचा तोडगा. नावं पुकारायला वामनला बसवलेलं. राखीव जागेसाठी कळमेश्वरची एक मुलगी आली होती, पायात कॅलिपर. वामनची केस तिनं ऐकलेली असावी. जवळ येऊन हळूच म्हणाली, "दादा, चालवू का पडू?"

"मग तू काय सांगितलंस?" मी विचारलं.

"मी म्हटलं, तू बस वं बाई, मी धरतो."

"मग?"

"मंग काय काकू, दोघंबी पडलो. साहेबांच्या पुढ्यातच. त्याइनं तेथंच शेरा मारला, उमेदवार व कारकून, दोघेही निःसंशय अपंग. पोरीले ऑर्डर भेटली."

तो कुबडी सावरत उठला. फोटोकडे पाहत म्हणाला, "साहेब पाहिजे होते, काकू. इतक्या वर्षांत हापिसानं पह्यल्यांदा मले लिहून देल्लं."