माझ्या सांगण्याप्रमाणे

रामदासपेठेतल्या एका वकिलांकडे मी जबाब टाइप करते. पोलीस कोठडीत मार खाल्लेली माणसं येऊन सांगतात, मी लिहून घेते. त्यातला एक इतवारीत हातगाडी ओढणारा, चोरीच्या संशयावरून उचललेला. खुर्ची पुढे केली तरी मी ‘बसा’ म्हणेपर्यंत तो उभाच राहायचा. तीन दिवस खालच्या आवाजात बोलला. तळपायांवरच्या माराचं सांगताना त्यानं चपला काढून नीट जोडून ठेवल्या. रडला एकदाच.

“मारून राहिले होते, म्हणून मी माह्या जोडीदाराचं नाव घेतलं. त्यानं काईच नव्हतं केलं. तो अजून आतच हाय.”

वकील म्हणाले, “हे वगळा, केस कमजोर होईल.” मी वगळलं.

चौथ्या दिवशी रीतीप्रमाणे जबाब वाचून दाखवला. तो डोळे मिटून ऐकत होता. शेवटचं वाक्य नेहमीचंच: ‘वरील जबाब माझ्या सांगण्याप्रमाणे बरोबर व खरा आहे.’

“अन् जोडीदाराचं?” त्यानं विचारलं.

मी वकिलांचं म्हणणं सांगितलं.

“तिथं ठाण्यात मी न बोललेलं लिहून सही घेतली, ताई. तुमी माहं बोललेलं काढून घेऊन राहिल्या.”

मला वाटलं, आता हा उठून जाईल. पण त्यानं मारानं न वाकणाऱ्या अंगठ्याला पेन टेकवलं आणि कुठे करायची हेही न विचारता पानापानावर सही केली. मग उठला, आणि मी ‘जा’ म्हणेपर्यंत तिथेच उभा राहिला.